गॉनिलोचं पान

“तुमचा विवेक तुमच्या परंपरेतून घडला, आमचा आमच्या. मग आमच्याकडे हिशेब मागणारे तुम्ही कोण?”

ख्रिस्ती श्रद्धेवर कुणी प्रश्न विचारला की हे उत्तर हल्ली हमखास ऐकू येतं. शिकल्यासवरल्या पाळकांच्या प्रवचनात ते येतं, ईश्वरविज्ञानाच्या वर्गात येतं, चर्चासत्रांत तर फार घोटीव भाषेत येतं. उत्तर-आधुनिक विचारानं सर्वांवर हुकूम चालवणाऱ्या निरपेक्ष बुद्धीला पायउतार केलं. तेव्हा श्रद्धेलाही आता कुणापुढे जाब द्यायचं कारण उरलं नाही, असा त्याचा मथितार्थ. मी स्वतः ख्रिस्ती आहे, नियमानं उपासनेला जाणारा आहे, आणि मला हे उत्तर ख्रिस्ती श्रद्धेच्याच मुळावर येणारं वाटतं.

त्यात खरं आहे ते आधी मान्य करतो. ते थोडंथोडकं नाही.

सतराव्या शतकापासून युरोपात विवेकाची एक विशिष्ट कल्पना रुजली. परंपरा, गुरू, ग्रंथ, सवयी सगळं बाजूला सारायचं, आणि शंकेला जागाच उरणार नाही अशा पायावर ज्ञानाची इमारत नव्यानं बांधायची. फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्त सांगतो की हा बेत मनात आला तेव्हा हिवाळा होता आणि तो जर्मनीत एका ऊबदार खोलीत दिवसभर एकटा बसून होता. पुढे लॉक, ह्यूम, कांट या तत्त्वज्ञांनी त्या बेतात आपापल्या परीनं दुरुस्त्या केल्या, पण बुद्धी न्यायाधीशाच्या खुर्चीत आणि धर्म आरोपीच्या पिंजऱ्यात, ही मांडणी बरीचशी कायम राहिली. १८७७ मध्ये विल्यम क्लिफर्ड या इंग्रज गणितज्ञानं तिचा कायदाच करून टाकला: अपुऱ्या पुराव्यावर काहीही मानणं हे नेहमी, सगळीकडे आणि प्रत्येकासाठी चूक आहे. त्याचं उदाहरण मनात रुतून बसतं. एका जहाजमालकाला ठाऊक असतं की आपलं जहाज जुनं झालंय, डागडुजीला आलंय. तो मनातली शंका दाबून टाकतो, देवावर हवाला ठेवतो, स्थलांतरितांनी भरलेलं जहाज समुद्रात सोडतो, आणि ते बुडाल्यावर गुपचूप विम्याचे पैसे घेतो.

हा जहाजमालक मला पुढे लागणार आहे. पण क्लिफर्डच्या कायद्याला त्याचाच कायदा लावून बघा. हा नियम खरा आहे याला पुरेसा पुरावा कोणता? समोरच्या माणसाला माझ्यासारखंच मन आहे, कालचा दिवस खरोखर होऊन गेला, या गोष्टी आधी सिद्ध करून मग कुणी जगायला लागत नाही. विटगेन्स्टाइन या तत्त्वज्ञानं आयुष्याच्या अखेरीस केलेल्या टिपणांत लिहिलंय की दार फिरायला हवं असेल तर बिजागऱ्या जागच्या जागी राहाव्या लागतात. शंका घ्यायची तरी काही गोष्टी निःशंक धराव्या लागतात. मायकेल पोलानी हा मुळात रसायनशास्त्रज्ञ. त्यानं १९५८ मध्ये दाखवून दिलं की प्रयोगशाळेतलं ज्ञानसुद्धा गुरूच्या हाताखाली कमावलेल्या, शब्दांत न मावणाऱ्या जाणकारीवर आणि सहकाऱ्यांवरच्या भरवशावर उभं असतं. १९७९ मध्ये ल्योतार या फ्रेंच तत्त्वज्ञानं क्वेबेकच्या विद्यापीठ परिषदेसाठी लिहिलेल्या अहवालात या एकूण मनःस्थितीला नाव दिलं: महाकथनांवरचा अविश्वास. सगळ्या मानवजातीची कथा आम्हीच सांगणार, असा दावा करणाऱ्या कुणावरही आता विश्वास बसत नाही, मग तो दावा प्रगतीच्या नावानं असो, क्रांतीच्या नावानं असो की मुक्तीच्या.

अनेक ख्रिस्ती विचारवंतांना हे वाचून हायसं वाटलं, आणि ते स्वाभाविक होतं. दीड-दोनशे वर्षं खुलासे देण्यात गेली होती. कुणी चमत्कार गाळले, कुणी पुनरुत्थानाला, म्हणजे येशूच्या मेल्यावर पुन्हा उठण्याला, शिष्यांच्या मनात उजळलेली आशा म्हटलं, कुणी येशूला सज्जन नीतिशिक्षक करून ठेवलं. इतकं करूनही पिंजऱ्यातून सुटका नव्हती. आता न्यायाधीशाचीच खुर्ची डळमळीत निघाली.

वाट चुकते ती इथून. जॉर्ज लिंडबेक या अमेरिकन लूथरन विचारवंतानं १९८४ मध्ये मांडलं की ख्रिस्ती सिद्धान्त भाषेच्या व्याकरणासारखे असतात. मंडळीनं, म्हणजे चर्चनं, कसं बोलावं, कशी प्रार्थना करावी, कसं जगावं याचे ते नियम. यात खोल सत्य आहे, आणि लिंडबेक जबाबदारीनं लिहिणारा माणूस होता. ‘ख्रिस्त प्रभू आहे’ अशी आरोळी ठोकत समोरच्याचं डोकं फोडणाऱ्या धर्मयोद्ध्याच्या तोंडी ते वाक्य खोटं ठरतं, हे त्याचंच उदाहरण आहे. पण त्याच्यामागून आलेल्या अनेकांनी व्याकरण उचललं आणि जबाबदारी मागेच ठेवली. कुठल्याही भाषेचं व्याकरण खोटं ठरू शकत नाही. ते फक्त त्या भाषेचं असतं. तसंच ख्रिस्ती श्रद्धेचं, असं ते म्हणू लागले. ती आमची आहे, बस्स.

प्रेषित पौलाला हे पटलं नसतं. करिंथ शहरातल्या ख्रिस्ती लोकांना, करिंथकरांना, त्यानं लिहिलेल्या आणि बायबलमध्ये असलेल्या पहिल्या पत्रातला पंधरावा अध्याय काढून बघा. येशूला क्रुसावर दिल्यानंतर वीस-पंचवीस वर्षांतच लिहिलेलं हे पत्र. उठलेला ख्रिस्त कुणाकुणाला दिसला याची यादी पौल देतो: केफा (म्हणजे पेत्र), बारा जण, मग एकाच वेळी पाचशेहून अधिक बंधू. आणि मध्येच म्हणतो की त्यांतले बहुतेक अजून हयात आहेत, काही मात्र मरण पावले आहेत. ही माहिती तिथे कशासाठी? एकच कारण मला दिसतं: ज्याला शंका असेल त्यानं जाऊन विचारावं. मग तो त्याहून धीट पाऊल टाकतो. ख्रिस्त उठवला गेला नसेल तर आमचा उपदेश व्यर्थ, तुमचा विश्वास व्यर्थ, आम्ही देवाविषयी खोटी साक्ष देणारे ठरलो, आणि सगळ्या माणसांत आमच्याइतकं केविलवाणं कुणी नाही. आपला धर्म कशामुळे खोटा ठरेल हे त्याच धर्माच्या पवित्र ग्रंथात, इतक्या उघड शब्दांत लिहिलेलं आहे. ‘आमच्यापुरतं खरं’ म्हणणाऱ्यांनी या अध्यायाचं काय करायचं?

काही वर्षांपूर्वी मी एका बायबल अभ्यासवर्गात बसलो होतो. कॉलेजात शिकणाऱ्या एका मुलीनं विचारलं, “कबर खरंच रिकामी होती का? म्हणजे त्या पहाटे मी तिथे असते, तर मला काय दिसलं असतं?” वर्ग घेणारे गृहस्थ विद्वान होते आणि प्रेमळही. ते म्हणाले, “हा प्रश्न आधुनिक मनाचा आहे, बाळ. तू असं विचार, की ही कथा आपल्या मंडळीला कशी घडवते.” तिनं ते वहीत लिहून घेतलं, पेनाला टोपण लावलं आणि वही पिशवीत टाकली. वर्ग संपायला अजून वीसेक मिनिटं होती. मी तिच्या मागच्याच रांगेत होतो. मीही काही बोललो नाही, आणि त्या गप्प बसण्याची मला आजही लाज वाटते. तिचा प्रश्न आधुनिक नव्हताच. तो करिंथकरांचा होता, जखमांना हात लावल्याशिवाय विश्वास ठेवणार नाही म्हणणाऱ्या थोमा या शिष्याचा होता.

‘आमचा विवेक आमच्यापुरता’ या भूमिकेनं माणूस कुठवर जाऊ शकतो, हे बघायला १८४५ हे साल पुरेसं आहे. त्या वर्षी मे महिन्यात अमेरिकेत जॉर्जिया राज्यातल्या ऑगस्टा इथे सदर्न बॅप्टिस्ट कन्व्हेन्शन या ख्रिस्ती मंडळ्यांच्या संघाची स्थापना झाली. उत्तरेतल्या बॅप्टिस्टांशी झालेल्या फुटीचं कारण होतं, गुलाम बाळगणाऱ्याला मिशनरी म्हणून नेमायचं की नाही. दक्षिणेतल्या मंडळ्या म्हणाल्या, नेमायचं. ही माणसं बायबल न वाचणारी नव्हती. बायबलमधले गुलामांचा उल्लेख असलेले भाग, लेवीय, इफिसकरांस पत्र, फिलेमोनास पत्र, त्यांना तोंडपाठ होते. त्यांचं प्रवचन, त्यांची प्रार्थना, त्यांचं अर्थशास्त्र आणि त्यांचं घर एकमेकांशी नीट जुळत होतं. परंपरेच्या आत बसून तपासलं तर त्यांचा विवेक बिनचूक होता. त्याच वर्षी त्याच महिन्यात बॉस्टनमध्ये फ्रेडरिक डग्लस या पळून आलेल्या गुलामाचं आत्मकथन प्रसिद्ध झालं. मालकानं शिकायला बंदी केल्यावर बाल्टिमोरच्या रस्त्यांवर गोऱ्या पोरांना पाव देऊन त्यांच्याकडून अक्षरं शिकलेला हा माणूस. पुस्तकाच्या शेवटी त्यानं एक पुरवणी जोडली. तिच्यात तो म्हणतो की या देशातला ख्रिस्ती धर्म आणि ख्रिस्ताचा ख्रिस्ती धर्म यांत मला जास्तीत जास्त जितकं असू शकेल तितकं अंतर दिसतं.

आता उत्तर-आधुनिक चष्म्यातून या दोघांकडे बघू. तर्काआड सत्ता कशी दडते हे तो चष्मा फार चांगलं दाखवतो, आणि त्यासाठी मी फुकोसारख्या विचारवंतांचा ऋणी आहे. ऑगस्टातल्या ठरावामागे कापसाचे मळे होते, हे बघायला बुद्धीवर अविश्वास ठेवता यावा लागतो. पण डग्लसला जे म्हणायचं आहे ते म्हणण्याची सोय त्या चष्म्यात नाही. तुमचं वाचन वेगळं, माझं वेगळं, असं तो म्हणत नाही. तुमचं वाचन खोटं आहे, असं तो म्हणतो. तुमच्यासाठीही खोटं, देवापुढेही खोटं. पाठीवर चाबूक खाल्लेल्या माणसाला ‘आपापली सत्यं’ पुरत नाहीत. हे सत्य मालकावरही बंधनकारक आहे, असं त्याला ठणकावून सांगायचं असतं. सदर्न बॅप्टिस्टांनी गुलामगिरीतल्या आपल्या वाट्याची कबुली देऊन माफी मागितली ती १९९५ मध्ये, दीडशे वर्षांनी. बाहेरच्या आवाजाला दार लावून घेतलेला विवेक आपल्या आपण दुरुस्त व्हायला किती वेळ घेतो, याचा हा हिशेब आहे. आणि दुरुस्ती झाली तीही ‘आपण चुकलो होतो’ हे वाक्य उच्चारूनच झाली.

मग विवेक म्हणायचं तरी कशाला? कुठेच उभं न राहता सगळं बघणारी बुद्धी नसते, हे मी मान्य करून बसलोय. प्रत्येकाची बुद्धी आपापल्या घरात कोंडलेली असते, हे मला मान्य नाही. या दोहोंच्या मधली वाट शोधताना मला कुठल्याही आधुनिक सिद्धान्तापेक्षा अकराव्या शतकातली एक घटना जास्त उपयोगी पडली.

नॉर्मंडीतल्या बेक इथल्या मठात अन्सेल्म नावाचा संन्यासी होता. पुढे तो कँटरबरीचा आर्चबिशप झाला. देव आहे हे एकाच युक्तिवादानं दाखवता येईल का, या विचारानं त्याची झोप-भूक उडाली होती. प्रार्थनेतही लक्ष लागेना. शेवटी एका रात्रीच्या उपासनेत त्याला तो युक्तिवाद सुचला. त्याचा चरित्रकार एडमर सांगतो की अन्सेल्मनं तो मेणाच्या पाट्यांवर लिहिला आणि पाट्या मठातल्या एकाकडे सांभाळायला दिल्या. त्या हरवल्या. त्यानं पुन्हा लिहिलं. या खेपेला पाट्या फुटून जमिनीवर विखुरलेल्या सापडल्या. मेणाचे तुकडे गोळा करून, कसंबसं जुळवून मजकूर वाचला गेला आणि मग तो चर्मपत्रावर उतरवून घेतला. साल साधारण १०७७–७८. या पुस्तकाला त्यानं आधी दिलेलं नाव होतं ‘समज शोधणारी श्रद्धा’.

इतक्या कष्टानं वाचवलेल्या त्या मजकुरावर मार्मूतिए मठातल्या गॉनिलो नावाच्या संन्याशानं आक्षेप घेतला. बायबलमधलं स्तोत्र म्हणतं, ‘देव नाही, असं मूढ आपल्या मनात म्हणतो’. गॉनिलोनं त्या मूढाचीच बाजू घेतली. देव म्हणजे ज्याच्याहून थोर काही कल्पिता येत नाही तो; नुसतं मनात असण्यापेक्षा प्रत्यक्षात असणं थोर, म्हणून तो असलाच पाहिजे, असं तुम्ही म्हणता. मग याच रीतीनं सर्वांत सुंदर असं एक हरवलेलं बेटही असलंच पाहिजे, असं म्हणता येईल की! आक्षेप घेणारा स्वतः देवाचा भक्त होता, तरी त्याला हा तर्क लंगडा वाटला आणि तसं त्यानं लिहिलं.

अन्सेल्मनं काय केलं? उत्तर लिहिलं, हे तर झालंच. पण एडमर सांगतो की त्याबरोबर त्यानं आणखी एक सूचना दिली: यापुढे माझ्या पुस्तकाची नक्कल करताना गॉनिलोचा आक्षेप आणि माझं उत्तर, दोन्ही शेवटी जोडा. हाताने ग्रंथ उतरवण्याच्या काळात एकेक पान महाग होतं. तरीही मूढाच्या बाजूचं पान त्यानं आपल्या ग्रंथाला कायमचं शिवून घेतलं. आजही ते पुस्तक गॉनिलोसकट छापलं जातं, आणि मला स्वतःला त्या बेटाचा आक्षेप अन्सेल्म समजत होता त्यापेक्षा वजनदार वाटतो. हे मी म्हणू शकतो, कारण अन्सेल्मनंच तो माझ्यापर्यंत पोचवला.

विवेक म्हणजे मला हे दिसतं. अन्सेल्म कुठे उभा आहे ते तो लपवत नाही. त्याचं पुस्तक देवाला उद्देशून केलेली प्रार्थनाच आहे. पण त्या जागेवरून तो जे म्हणतो ते बाहेरून तपासायला खुलं ठेवतो. न्यायानं सांगायचं तर देकार्तनंही हेच केलं. १६४१ मध्ये त्यानं आपलं चिंतन छापलं तेव्हा हॉब्ससारख्या तत्त्वज्ञांचे आक्षेप आणि त्यांना दिलेली उत्तरं त्याच ग्रंथात घातली होती. म्हणजे खोलीत तो एकटा होता, पण पुस्तकात नव्हता. मला वाटतं, त्याच्या वारसदारांनी खोली लक्षात ठेवली आणि आक्षेपांची पानं विसरली. तेराव्या शतकातला थॉमस अक्वायनस तर प्रत्येक प्रश्नाची सुरुवातच विरोधी मतानं करतो. देवाच्या अस्तित्वाच्या प्रश्नाचा आरंभ ‘देव नाही असं वाटतं’ या शब्दांनी होतो, आणि लगेच दोन कारणं येतात: जगात दुष्टता आहे, आणि देवाला मध्ये न आणताही सगळ्याचा उलगडा निसर्गानं आणि माणसाच्या इच्छेनं होऊ शकतो. आजचा नास्तिक याहून फार वेगळं काही म्हणत नाही. दुष्टतेच्या आक्षेपाला थॉमसनं दिलेलं उत्तर मला पुरेसं वाटत नाही, आणि तसं सांगायला मला संकोचही वाटत नाही.

आपल्या काळात ॲलिस्डेअर मॅकिंटायर या तत्त्वज्ञानं १९८८ मध्ये हा धागा पुढे नेला. विवेक परंपरेतच वाढतो, पण परंपरेची खरी कसोटी लागते ती अडचणीत. प्रतिस्पर्धी परंपरा आपल्या अडचणीचा उलगडा आपल्यापेक्षा चांगला करते, हे कबूल करण्याची ताकद तिच्यात असावी लागते. दक्षिण आफ्रिकेत वाढलेले आणि प्रिन्स्टनला शिकवणारे व्हेंत्सल व्हान ह्यूस्टीन यांनी १९९९ मध्ये विवेकाकडे माणसांचं कौशल्य म्हणून बघितलं: कारणं देणं, ऐकणं, तोलणं. शास्त्रज्ञ आणि ईश्वरविज्ञानी ते वेगवेगळ्या कामांत वापरतात, पण ते एकमेकांना ओळखू येण्याइतकं सारखं असतं. कोरड्या सैद्धान्तिक आराखड्यांपेक्षा हे वर्णन मला जास्त माणसाळलेलं वाटतं.

यावर श्रद्धावानांचा एक आक्षेप हमखास येतो. दुरुस्त होऊ शकते ती श्रद्धा कसली? मला वाटतं, इथे देवावरचा भरवसा आणि देवाविषयीची आपली वाक्यं यांची गल्लत होते. चौथ्या-पाचव्या शतकातला बिशप ऑगस्टीन याचा भरवसा कुणी कमी म्हणणार नाही. पण आयुष्याच्या अखेरीस, सत्तरी ओलांडल्यावर, त्यानं आपली सगळी पुस्तकं पुन्हा समोर घेतली, ९३ ग्रंथ, आणि कुठे आपण चुकलो, कुठे घाईनं लिहिलं, ते एकेक करून नोंदवलं. बिशपच्या कामातून, म्हातारपणी, वेळ काढून. त्याच ऑगस्टीननं ख्रिस्ती लोकांना बजावलं होतं की आकाश, ग्रह, प्राणी यांविषयी बायबलच्या नावाखाली अद्वातद्वा बोलू नका. ज्याला त्या गोष्टी खरोखर ठाऊक आहेत तो तुम्हाला हसेल आणि मग पुनरुत्थानाबद्दलही तुमचं ऐकणार नाही.

‘रहस्य’ हा शब्दही असाच वापरून गुळगुळीत झालाय. खाल्सेदोन इथल्या बिशपांच्या परिषदेनं ४५१ मध्ये ख्रिस्ताच्या देवपणाविषयी आणि माणूसपणाविषयी चार नकार नोंदवले: मिसळ नाही, बदल नाही, फाळणी नाही, ताटातूट नाही. शेकडो वर्षांचा वाद घालून झाल्यावर, इथपर्यंत सांगता येतं, पुढचं येत नाही, अशी ती जागा. असं रहस्य शोध संपल्यावर येतं. प्रश्न विचारताक्षणी जे तोंडावर फेकलं जातं ते रहस्य नसतं. तो क्लिफर्डचा जहाजमालक असतो, शंका दाबून जहाज सोडणारा. आणि त्या जहाजात आपली मुलं बसलेली असतात.

त्या मुलीचा प्रश्न मला अजून घ्यायचा आहे. मी तिच्यासोबत चारही शुभवर्तमानं, म्हणजे बायबलमधले येशूचे चार वृत्तान्त, शेजारी शेजारी उघडून बसेन. जे जुळत नाही ते आधी दाखवीन: कबरेकडे गेलेल्या स्त्रियांत मत्तय दोघींना मोजतो, मार्क तिघींना, लूक तिघींची नावं देऊन ‘आणि इतर’ म्हणतो, योहान एकट्या मग्दालिया मरियेचं नाव घेतो. चौथ्या शतकातल्या दोन मोठ्या हस्तलिखितांत मार्कचं शुभवर्तमान ‘कारण त्या भ्याल्या होत्या’ इथेच थांबतं, पुढची बारा वचनं त्यांत नाहीत, हेही सांगेन. पौलाच्या यादीत स्त्रियांचा उल्लेख नाही, तेही. मग माझी बाजू: ज्या समाजात बाईच्या साक्षीला फारशी किंमत नव्हती तिथे गोष्ट रचणाऱ्यानं पहिल्या साक्षीदार म्हणून बायकांनाच कशाला उभं केलं असतं? या मुद्द्यावर अभ्यासकांचे जे आक्षेप आहेत तेही तिच्यापुढे ठेवीन. आणि विचारलंस म्हणून सांगतो, असं म्हणून तिला सांगेन की तू त्या पहाटे तिथे असतीस तर तुला रिकामी कबर दिसली असती, असं मी मानतो.

मग लूकच्या चोविसाव्या अध्यायातलं अकरावं वचन तिला मोठ्यानं वाचायला देईन. स्त्रिया कबरेवरून परतून घडलेलं सांगतात, आणि ज्यांच्यावर पुढे अवघी मंडळी उभी राहायची त्या प्रेषितांना ते बोलणं वायफळ वाटतं. ते विश्वास ठेवत नाहीत. लूकनं ते वचन गाळलं नाही.